‘बॉय’ नावाचा बालरोगतज्ज्ञ

वैद्यक आणि साहित्य यांचे नाते जुने आहे. चेकॉव्ह, कॉनन डॉयल, सॉमरसेट मॉम ही नावे आपणा सर्वांच्या परिचयाची आहेत. मराठी रसिकाला तर याहून जवळची उदाहरणे ठाऊक आहेत. कान-नाक-घशाचे शल्यविशारद डॉ. श्रीराम लागू यांनी १९६९ मध्ये चांगला चालता व्यवसाय बाजूला ठेवून रंगभूमीला वाहून घेतले. दंतवैद्य डॉ. काशिनाथ घाणेकरांनी प्रेक्षकांना वेड लावले. डॉ. अनिल अवचटांनी वैद्यकाची पदवी घेतली आणि आयुष्यभर माणसांविषयी लिहिले. आम्हां बालरोगतज्ज्ञांना मात्र ‘तुमच्या शाखेतला असा कोणी दाखवा’ म्हटले, की बहुतेकांच्या तोंडी एकच नाव येते, ते पोलंडच्या यानुश कोर्चाक यांचे. वॉर्सातील अनाथाश्रमातल्या मुलांकडून त्यांनी जुलै १९४२ मध्ये रवींद्रनाथांचे ‘डाकघर’ हे नाटक बसवून घेतले आणि पुढच्याच महिन्यात त्या मुलांची साथ न सोडता ते त्रेब्लिंका येथील मृत्युछावणीत गेले. ही कथा बालरोगशास्त्राच्या परिषदांतून अनेकदा सांगितली जाते आणि ती सांगितली जावी अशीच आहे.

परंतु त्याच देशात, त्याच काळात आणखी एक बालरोगतज्ज्ञ होऊन गेला. हौतात्म्य त्यालाही चुकले नाही, तरी त्याचा स्वभाव मात्र हुतात्म्याचा मुळीच नव्हता. तो होता विनोदी, खोडकर, नाटकवेडा आणि भाषेवर जीव टाकणारा. डॉ. तादेउश झेलेन्स्की हे त्याचे नाव. लिहिताना त्याने ‘बॉय’ हा इंग्रजी शब्द टोपणनाव म्हणून घेतला आणि पुढे तोच आडनावाला असा चिकटला, की पोलंडमध्ये आज त्याला ‘बॉय-झेलेन्स्की’ याच नावाने ओळखतात. प्रस्तुत लेखात या व्यवसायबंधूची ओळख करून देण्याचा मानस आहे.

आम्हां बेळगावकरांना पोलंड अगदीच परका नाही, हेही येथे नमूद करावेसे वाटते. कोल्हापूरनजीक वळिवडे येथे १९४३ ते १९४८ या काळात सुमारे पाच हजार पोलिश निर्वासितांची छावणी होती. त्यांत बायका आणि मुलेच अधिक होती. झेलेन्स्कींचा त्या छावणीशी काही संबंध नव्हता. तथापि ज्या महायुद्धाने त्या मायलेकरांना पंचगंगेच्या काठी आणून सोडले, त्याच महायुद्धाने झेलेन्स्कींचा बळी घेतला.

क्राकूवमधील विद्यार्थी

झेलेन्स्कींचा जन्म २१ डिसेंबर १८७४ रोजी वॉर्सा येथे झाला. वडील व्वादिस्वाव झेलेन्स्की हे नामवंत संगीतकार होते. मुलाच्या बालपणीच हे कुटुंब क्राकूवला येऊन स्थायिक झाले. त्या वेळी पोलंड नावाचा देश नकाशावर नव्हता. अठराव्या शतकाच्या अखेरीस रशिया, प्रशिया आणि ऑस्ट्रिया यांनी तो आपसांत वाटून घेतला होता. त्यांपैकी ऑस्ट्रियाच्या वाट्याला गेलेल्या भागात पोलिश भाषेला त्यातल्या त्यात मोकळीक होती. म्हणून क्राकूव हे शहर भाषेचे, विद्येचे आणि राष्ट्रीय अभिमानाचे माहेरघर बनले. राज्य दुसऱ्याचे असले, तरी भाषा आणि नाटक आपले, ही भावना काय असते हे सीमाभागातल्या मराठी माणसाला निराळे समजावून सांगण्याची गरज नाही.

१३६४ साली स्थापन झालेल्या तेथील यागिएलोनियन विद्यापीठात झेलेन्स्कींनी १८९२ मध्ये वैद्यकाला प्रवेश घेतला आणि १९०० मध्ये ते डॉक्टर झाले. साडेपाच वर्षांत एम.बी.बी.एस. उरकणाऱ्या आजच्या विद्यार्थ्यांना हा काळ लांब वाटेल. त्याचे कारण सरळ आहे. या विद्यार्थ्याचा बराचसा वेळ पत्त्यांच्या जुगारात आणि कवी-लेखकांच्या मैफलीत जात असे. १८९८ मध्ये स्तानिस्वाव पशिबिशेफ्स्की हा वादळी लेखक क्राकूवला आला आणि त्याच्याभोवती जमलेल्या तरुणांत झेलेन्स्की ओढले गेले. कलेसाठी आयुष्य उधळून टाकण्याची भाषा तेथे चालत असे. झेलेन्स्कींनी ती ऐकली, काही काळ तिच्यात रमलेही, परंतु पदवी मात्र पूर्ण केली. पुढे उच्च अनुभवासाठी ते पॅरिसला गेले. तेथून परत येताना त्यांनी तीन गोष्टी आणल्या, असे म्हटले तर वावगे होणार नाही: लहान मुलांच्या आहाराविषयीची नवी दृष्टी, पॅरिसच्या गाण्याबजावण्याच्या कॅफेंची गोडी आणि फ्रेंच ग्रंथांचे वेड. त्यांचे पुढचे सारे आयुष्य या तीन गोष्टींनी घडवले.

दुधाचा थेंब

क्राकूवच्या संत लुडविक बालरुग्णालयात त्यांनी काम केले. तो काळ कसा होता याची कल्पना आपल्यापैकी ज्येष्ठांना सहज येईल. प्रतिजैविके नव्हती, शिरेतून द्रव देण्याची सोय नव्हती आणि ओ.आर.एस. तर आणखी साठ-सत्तर वर्षे दूर होते. उन्हाळा आला की वरच्या दुधावर वाढणारी तान्ही मुले जुलाबांनी पटापट दगावत. आई कारखान्यात किंवा कोणाच्या घरी कामाला, घरी बाळ, आणि दूध कोठून कोठून फिरून आलेले. त्यातील जंतूंचा बंदोबस्त कोणी करायचा?

फ्रान्सने यावर एक साधा तोडगा काढला होता. डॉ. पिएर ब्यूदाँ यांनी १८९२ मध्ये पॅरिसच्या रुग्णालयात निरोगी अर्भकांसाठी सल्ला-केंद्र सुरू केले. डॉ. लेऑं द्यूफूर यांनी १८९४ मध्ये फेकाँ या बंदराच्या गावी ‘दुधाचा थेंब’ या नावाचे केंद्र काढले. प्रथम आग्रह आईच्या दुधाचाच. ते शक्यच नसेल तर एकेका वेळेपुरते दूध लहान बाटल्यांत भरून, तापवून निर्जंतुक करून अल्प दरात किंवा मोफत द्यायचे. मात्र अट अशी, की दूध न्यायला येताना बाळाला घेऊन यायचे, त्याचे वजन करून घ्यायचे आणि डॉक्टरांना दाखवायचे. दुधाच्या निमित्ताने आजारी नसलेले मूल डॉक्टरांच्या दृष्टीस पडू लागले, हे या युक्तीचे खरे मर्म. आज आपण ज्याला ‘वेल बेबी क्लिनिक’ म्हणतो आणि ज्या वाढीच्या तक्त्यावर दरमहा टिंब काढतो, त्यांचे मूळ या बाटल्यांत आहे. क्राकूवमध्ये ही चळवळ रुजवणाऱ्यांत झेलेन्स्की होते.

पुढे ज्या विषयावरून त्यांच्यावर वादळ कोसळले, त्याचे बीज मला या दूधकेंद्राच्या रांगेत दिसते. बाळाचे वजन करणाऱ्या डॉक्टरला त्या बाळाची आई दिसते. तिच्या कडेवरचे दुसरे आणि पोटातले तिसरेही दिसते. तपासणीच्या खोलीत शिरताना डोळे मिटून घेण्याची सोय बालरोगतज्ज्ञाला नसते.

हिरवा फुगा

दिवसा रुग्णालय आणि रात्री मैफल, असा त्यांचा क्रम होता. १९०५ च्या शरद ऋतूत क्राकूवच्या फ्लोरियान्स्का रस्त्यावरील यान मिखालिक यांच्या मिठाईच्या दुकानात काही चित्रकार, लेखक आणि नट यांनी एक खासगी रंगमैफल सुरू केली. तिचे नाव ‘झेलोनी बालोनिक’, म्हणजे हिरवा फुगा. प्रवेश निमंत्रितांनाच. चित्रकारांनी दुकानाच्या भिंती रंगवल्या. ते दुकान आणि ती चित्रे आजही पाहावयास मिळतात.

या मैफलीचा प्राण होती झेलेन्स्कींची गाणी. शहरातील प्रतिष्ठित, प्राध्यापक, संपादक, पुढारी, सोवळे-ओवळे पाळणारी मंडळी, कोणीही त्यांच्या तडाख्यातून सुटले नाही. नाताळात पोलंडमध्ये येशूजन्माचा देखावा मांडून कळसूत्री बाहुल्यांचा खेळ करण्याची लोकपरंपरा आहे. हिरव्या फुग्याच्या मंडळींनी तोच साचा घेतला आणि बाहुल्यांना गावातल्या बड्या असामींचे चेहरे दिले. आपल्याकडे दशावतारी खेळात संकासुर जशी गावच्या कारभाऱ्यांची टोपी उडवतो आणि कारभारीही पहिल्या रांगेत बसून हसतात, तसाच हा प्रकार. १९१३ मध्ये या पद्यांचा ‘स्वूफ्का’ हा संग्रह आला. त्याच्या नावाचा अर्थ ‘लहानसे शब्द’. पुस्तक लोकांनी उचलून धरले आणि त्यातील ओळी म्हणींसारख्या बोलण्यात रुळल्या.

विनोदामागे एक निदान होते. पारतंत्र्यात राष्ट्राला मोठमोठ्या शब्दांचे व्यसन लागते. प्रत्येक गोष्ट पवित्र, प्रत्येक पूर्वज थोर आणि प्रत्येक दुःख दैवी ठरते. झेलेन्स्कींनी त्या फुगलेल्या भाषेला टाचणी लावली. बोलीभाषेतील साधा शब्द साहित्यात आणून बसवला. पोलिश समीक्षक त्यांच्या या कामगिरीला फार मोठे मानतात.

याच सुमारास, १९०४ मध्ये, त्यांचा विवाह क्राकूवमधील प्रसिद्ध वैद्यक-प्राध्यापक पारेन्स्की यांच्या कन्या झोफिया यांच्याशी झाला. पोलिश रंगभूमीच्या इतिहासात या घराला एक आगळे स्थान आहे. स्तानिस्वाव विस्प्यान्स्की यांचे ‘वेसेले’, म्हणजे ‘लग्न’, हे नाटक १९०१ मध्ये क्राकूवच्या रंगमंचावर आले आणि पोलिश नाटकातील मानबिंदू ठरले. एका खऱ्याखुऱ्या लग्नसमारंभातील खरी माणसे त्यात पात्रे म्हणून वावरतात. त्यातील झोशा म्हणजे ही झोफिया आणि मारिना म्हणजे तिची बहीण मारिया. या दोन मुलींपैकी मारियाची गाठ या लेखात पुढे पुन्हा पडणार आहे. झेलेन्स्कींनी १९२२ मध्ये त्या लग्नाच्या मागच्या खऱ्या गोष्टी सांगणारे एक खुसखुशीत पुस्तकही लिहिले. त्यांचा मुलगा स्तानिस्वाव पुढे नट झाला. घरात नाटक असे चोहोबाजूंनी भरलेले होते.

मोलियरचा दुभाषा

आता त्यांच्या सर्वांत अवाढव्य कामाकडे वळतो. झेलेन्स्कींनी फ्रेंच साहित्यातील शंभरावर ग्रंथ पोलिशमध्ये आणले. व्हियाँ, राब्ले, मोंतेन, पास्काल, देकार्त, व्हॉल्तेर, रूसो, दिदरो, स्तांदाल, बाल्झाकच्या कादंबऱ्यांचा मोठा भाग आणि प्रूस्तच्या महाकादंबरीचे आरंभीचे खंड, ही यादी वाचतानाच धाप लागते. मोलियरची नाटके तर त्यांनी सर्वच्या सर्व अनुवादिली. हा संच १९१२ मध्ये प्रसिद्ध झाला. एका माणसाने, तोही डॉक्टरकी करता करता, एका भाषेला दुसऱ्या भाषेचे असे ग्रंथालयच्या ग्रंथालय दिले, असे दुसरे उदाहरण चटकन आठवत नाही. फ्रान्सने त्यांना ‘लेजियन ऑफ ऑनर’ हा सन्मान दिला आणि १९३३ मध्ये पोलंडच्या साहित्य अकादमीत त्यांचा समावेश झाला.

विक्रीच्या बाबतीतही या डॉक्टरांचे डोके नामी चालत असे. देकार्तचा तत्त्वज्ञानावरील गंभीर ग्रंथ कोण घेणार, अशी चिंता होती. तेव्हा त्यांनी पुस्तकावर ‘केवळ प्रौढांसाठी’ अशी पट्टी लावली आणि आवृत्ती हातोहात खपली, अशी हकीकत सांगतात.

मोलियर हा आपणां वैद्यांचा जुना शत्रू! लॅटिन पुटपुटणारे, रक्तमोक्षण आणि बस्ती यांपलीकडे काही न जाणणारे त्याचे वैद्य साडेतीनशे वर्षे जगाला हसवत आहेत. ‘काल्पनिक रोगी’ या नाटकात स्वतः रोग्याची भूमिका करीत असतानाच तो रंगमंचावर कोसळला आणि त्याच रात्री, १७ फेब्रुवारी १६७३ रोजी, वारला. मराठीलाही हा नाटककार जुना ओळखीचा आहे. हरि नारायण आपट्यांनी त्याच्या प्रहसनावरून ‘मारून मुटकून वैद्यबुवा’ लिहिले आणि ते शीर्षक आपल्या भाषेत वाक्प्रचारच होऊन बसले. त्या वैद्यांची थट्टा पोलिशमध्ये उतरवण्याचे काम एका पदवीधर वैद्याने इतक्या आवडीने करावे, यात मला एक मोठेपण दिसते. स्वतःच्या व्यवसायाला हसता येणे ही आरोग्याची खूण आहे.

पहिल्या महायुद्धात त्यांना ऑस्ट्रियाच्या सैन्यात डॉक्टर म्हणून सेवा करावी लागली. १९१८ मध्ये पोलंड स्वतंत्र झाला. त्यानंतर त्यांनी वैद्यकी कायमची सोडली. वृत्तपत्रांत ते नाट्यसमीक्षा लिहू लागले आणि १९२२ मध्ये वॉर्साला गेले. त्यांच्या परीक्षणांचे खंडच्या खंड निघाले. पहिल्याचे नाव होते ‘मेल्पोमेनीशी प्रणयचेष्टा’. मेल्पोमेनी ही ग्रीकांची शोकनाट्याची देवता. तिच्याशी असे गुलुगुलु बोलण्याचे धाडस बॉयच करू जाणे.

बायकांचा नरक

येथपर्यंतचे चरित्र एका रसिक, यशस्वी माणसाचे आहे. वयाची पन्नाशी उलटल्यावर असा मनुष्य सामान्यतः सत्कार स्वीकारू लागतो. झेलेन्स्कींनी याच वयात भांडण काढले.

स्वतंत्र पोलंडमध्ये अनेक वर्षे तिन्ही जुन्या सत्तांचे कायदे आपापल्या भागांत तसेच चालू होते. पूर्वी रशियाकडे असलेल्या भागात कॅथलिकांना केवळ चर्चमध्येच विवाह करता येई आणि घटस्फोट नव्हता. मात्र धर्मपीठाच्या न्यायालयात पैसा ओतला, तर ‘हा विवाह झालाच नव्हता’ असा निवाडा मिळू शके. संसार केलेली स्त्री कागदोपत्री कुमारिका ठरे! झेलेन्स्कींनी १९२९ मध्ये या प्रकारावर लेखमाला लिहून तिला ‘धर्मपीठाच्या कुमारिका’ असे बोचरे नाव दिले. १९३० मध्ये त्यांनी राष्ट्रकवी आदाम मित्स्क्येविच यांच्या चरित्रकारांना धारेवर धरले. कवीच्या आयुष्यातील अडचणीची पाने दडपून त्यांचा ब्राँझचा पुतळा करणाऱ्यांना त्यांनी ‘ब्राँझकार’ ही पदवी बहाल केली. कवीवरील त्यांचे प्रेम लटके नव्हते. त्यांना माणूस हवा होता, पुतळा नको होता. महापुरुषांच्या चरित्रातील एखादे वाक्य खटकले म्हणून रस्त्यावर उतरणाऱ्या आपल्या समाजाने हे पुस्तक अवश्य वाचावे असे आहे.

आणि त्याच वर्षी आले ‘बायकांचा नरक’. हे पुस्तक गर्भपाताच्या कायद्याविषयी होते. नवीन दंडसंहितेचा मसुदा तयार होत होता आणि गर्भपात करून घेणाऱ्या स्त्रीला तुरुंगात धाडण्याची तरतूद कायम राहण्याची चिन्हे होती. झेलेन्स्कींचा युक्तिवाद डॉक्टरचा होता. ते म्हणत, कायद्याने गर्भपात थांबत नाही. तो फक्त श्रीमंतांसाठी महाग आणि गरिबांसाठी प्राणघातक होतो. पैसेवाली बाई स्वच्छ दवाखान्यात जाते आणि मोलकरीण अडाणी हातांखाली जाऊन रक्तस्रावाने किंवा पूतिदोषाने मरते. जगली तर न्यायालयात उभी राहते. जिला हाही मार्ग सापडत नाही, ती कधी अर्भक टाकून देते, कधी त्याचा जीव घेते. तिला फसवणारा पुरुष मात्र आरोपीच्या पिंजऱ्यात कधीच नसतो. गर्भपात ही चांगली गोष्ट आहे असे त्यांचे म्हणणे नव्हते. तो टाळायचा असेल तर गर्भधारणा कशी टाळावी हे स्त्रियांना शिकवा, एवढेच ते सांगत होते.

ते केवळ लिहून थांबले नाहीत. लेखिका इरेना क्शिवित्स्का आणि काही डॉक्टर यांच्या साहाय्याने १९३१ मध्ये वॉर्सात ‘जाणत्या मातृत्वा’चे सल्ला-केंद्र उघडले गेले. गरीब स्त्रियांना तेथे संततिनियमनाची साधने आणि माहिती मिळू लागली. धर्मसंस्थेने आणि उजव्या विचारांच्या वृत्तपत्रांनी त्यांच्यावर झोड उठवली. ‘बोल्शेविझम’ला जोडून ‘बॉयशेविझम’ असा शब्दही घडवला गेला. कुटुंबसंस्था बुडवणारा, राष्ट्राची जनसंख्या घटवणारा, तरुणांना बिघडवणारा अशी विशेषणे त्यांना मिळाली. तरीही १९३२ च्या नव्या दंडसंहितेत स्त्रीच्या प्रकृतीला धोका असेल किंवा गर्भधारणा बलात्कारासारख्या गुन्ह्यातून झाली असेल, तर डॉक्टरने केलेला गर्भपात अपराध मानला जाऊ नये, ही तरतूद आली. तिचे सर्व श्रेय एकट्या लेखकाला देता येणार नाही, पण जनमत हलवण्यात त्यांच्या लेखणीचा वाटा मोठा होता.

मराठी वाचकाच्या मनात येथे एक नाव उभे राहिल्याशिवाय राहणार नाही. प्रा. रघुनाथ धोंडो कर्वे यांनी १९२१ मध्येच मुंबईत संततिनियमनाचे केंद्र सुरू केले होते. त्यापायी त्यांना १९२५ मध्ये प्राध्यापकी सोडावी लागली. १९२७ पासून त्यांनी ‘समाजस्वास्थ्य’ हे मासिक चालवले ते १९५३ मधील आपल्या मृत्यूपर्यंत. अश्लीलतेच्या आरोपाखाली त्यांच्यावर खटले झाले आणि १९३४ च्या खटल्यात त्यांची बाजू मांडायला डॉ. बाबासाहेब आंबेडकर उभे राहिले. कर्वेही पॅरिसला शिकून आलेले आणि फ्रेंच जाणणारे होते. एकमेकांना बहुधा अपरिचित असलेली ही दोन माणसे, एक विस्तुलेच्या काठी आणि दुसरा अरबी समुद्राच्या, एकाच वेळी एकाच भिंतीवर घाव घालत होती. फरक एवढाच, की झेलेन्स्कींच्या पाठीशी अफाट लोकप्रियता होती. कर्वे जवळजवळ एकटे होते आणि त्यांना न्याय मिळायला फार उशीर लागला. अमोल पालेकरांचा ‘ध्यासपर्व’ हा चित्रपट २००१ मध्ये आला, तेव्हा अनेकांना हे नाव प्रथमच कळले.

माझ्या निवासी डॉक्टरकीच्या दिवसांतील एक आठवण सांगतो. आमच्या नवजात अर्भक कक्षात पोलीस शिपाई अधूनमधून टॉवेलात गुंडाळलेले मूल आणून देत. कधी ऊसाच्या फडात सापडलेले, कधी एस.टी. स्थानकाच्या बाकाखाली. अंग थंडगार, नाळ दोऱ्याने किंवा कशानेच न बांधलेली. नोंदवहीत आईच्या नावाच्या रकान्यात ‘अज्ञात’ असे लिहिले जाई. आम्ही मुलाला ऊब देत असू, साखर तपासत असू, प्रतिजैविके सुरू करत असू. काही जगत, काही जात. त्या रकान्यातील ‘अज्ञात’ बाई कोठे असेल, तिला ताप आला असेल का, तिला कोणी विचारले असेल का, हा प्रश्न आमच्या केसपेपरवर कोठेच नव्हता. भारतात वैद्यकीय गर्भपाताचा कायदा १९७१ पासून आहे, तरीही ही मुले येत होती. कारण कायदा पुस्तकात असणे वेगळे आणि सतरा वर्षांच्या घाबरलेल्या मुलीपर्यंत तो पोहोचणे वेगळे. झेलेन्स्कींनी ‘अज्ञात’ या शब्दामागे दडलेल्या बाईविषयी लिहिले. म्हणून त्यांचे पुस्तक मला स्त्रीरोगशास्त्राइतकेच बालरोगशास्त्राचेही वाटते.

ल्वूवची रात्र

सप्टेंबर १९३९ मध्ये जर्मनीने पोलंडवर स्वारी केली. झेलेन्स्की वॉर्साहून पूर्वेला ल्वूव येथे गेले. आजचे हे युक्रेनमधील ल्विव शहर. तेथे वैद्यकाचे प्राध्यापक डॉ. यान ग्रेक यांच्या घरी त्यांनी आसरा घेतला. ग्रेक यांची पत्नी म्हणजे झेलेन्स्कींची मेहुणी मारिया, ‘वेसेले’ नाटकातील मारिना. थोड्याच दिवसांत ल्वूव सोव्हिएत सैन्याच्या ताब्यात गेले. नव्या राजवटीत झेलेन्स्कींनी विद्यापीठात फ्रेंच साहित्य शिकवण्याचे काम स्वीकारले. सोव्हिएतांशी केलेल्या या सहकार्याबद्दल त्यांच्यावर पोलिश मंडळींनी कठोर टीका केली आणि तो वाद पुढेही चालू राहिला. चरित्र लिहिताना ब्राँझचा मुलामा देऊ नये हे ज्याने शिकवले, त्याच्या चरित्रात ही बाब गाळणे योग्य होणार नाही.

३० जून १९४१ रोजी जर्मन सैन्य ल्वूवमध्ये शिरले. ३ जुलैच्या रात्री नाझी पथके प्राध्यापकांच्या घरोघरी फिरली. ग्रेक यांच्या घरातून तिघांना नेण्यात आले: डॉ. ग्रेक, मारिया आणि पाहुणे झेलेन्स्की. ४ जुलैच्या पहाटे वुल्का टेकड्यांवर त्यांना इतर प्राध्यापकांसह गोळ्या घालण्यात आल्या. झेलेन्स्की सहासष्ट वर्षांचे होते.

त्या रात्री मारल्या गेलेल्यांची यादी वाचताना आपल्याला एखाद्या वैद्यकीय महाविद्यालयाचा फलक वाचल्यासारखे वाटते. शल्यचिकित्सक ओस्त्रोफ्स्की, अंतर्रोगतज्ज्ञ रेन्त्स्की, न्यायवैद्यकाचे शेराद्स्की, दंतवैद्यकाचे चेशिन्स्की, स्त्रीरोगतज्ज्ञ सोवोविय, विकृतिशास्त्राचे नोवित्स्की आणि त्यांच्यासह त्यांचा मुलगा. बालरोगतज्ज्ञ स्तानिस्वाव प्रोगुल्स्की आणि त्यांचाही मुलगा. बालरोगशास्त्राचे प्राध्यापक फ्रान्चिशेक ग्रोअर यांनाही पकडून नेले होते. त्यांना मात्र सोडून देण्यात आले. १९४३ मध्ये आपल्या कृत्याचा पुरावा नाहीसा करण्यासाठी जर्मनांनी ती प्रेते उकरून जाळली. त्या जागी २०११ मध्ये स्मारक उभारण्यात आले आहे.

राष्ट्राला गुलाम करायचे तर आधी त्याचे शिक्षक आणि डॉक्टर संपवायचे, हा त्यामागील हिशेब होता. तो किती खुळा होता हे काळाने दाखवले. मोलियर आजही पोलंडमध्ये झेलेन्स्कींच्या शब्दांत बोलतो. ‘बायकांचा नरक’ या शीर्षकातील दोन शब्द तर २०२० मध्ये पुन्हा रस्त्यावर आले. त्या वर्षी ऑक्टोबरमध्ये पोलंडच्या घटनात्मक न्यायालयाने गर्भपाताचा कायदा अधिक कडक केला, तेव्हा निदर्शनांतील फलकांवर नव्वद वर्षांपूर्वीचे ते शब्द झळकले. त्या निर्णयाविषयी मतभेद असू शकतात. आपल्या व्यवसायातही ते आहेत. परंतु एका डॉक्टरने दिलेले नाव तीन पिढ्यांनंतर सर्वसामान्य बायकांच्या तोंडी असावे, ही गोष्ट विचार करायला लावणारी आहे.

आपल्या मंडळातील किती तरी सभासद कविता करतात, नाटकांतून कामे करतात, गातात. सहकारी थट्टेने विचारतात, ‘डॉक्टर, प्रॅक्टिस कमी झाली वाटते?’ त्यांना झेलेन्स्कींचे नाव सांगावे. त्यांच्या बाबतीत वैद्यक आणि लेखणी ही दोन वेगळी खाती नव्हती. बाळाचे वजन करणारी नजरच पुढे कायद्याचे कलम तपासत होती आणि मैफलीतले हसूच त्या नजरेला कटुतेपासून वाचवत होते. आपल्यापैकी प्रत्येकाच्या केसपेपरांत अशा अनेक गोष्टी पडून आहेत, की ज्या रोग्याची ओळख झाकून, सभ्य मराठीत, कोणीतरी लिहायला हव्यात. कुपोषणाच्या, बालविवाहाच्या, मुलगी झाली म्हणून न आलेल्या बापाच्या. पुढील वर्षीच्या स्मरणिकेसाठी संपादक मंडळ लेख मागेल, तेव्हा सभासदांनी त्यांतील एखादी अवश्य लिहावी, एवढी विनंती करून लेखणी थांबवतो.